अनुभव धागा: मान वर करून पाहिलेलं बडोदं

वाडीकर:

बडोद्यातल्या मराठी घरांत एक तरी माणूस वीज बोर्डात, नाहीतर मकरपुरा-माणेजाकडच्या ट्रान्सफॉर्मर, स्विचगिअर, केबलच्या कारखान्यात निघतोच. आमच्याकडे दोन काका आणि एक आत्या. 2005 मध्ये जीईबीचे, म्हणजे गुजरात वीज बोर्डाचे, तुकडे होऊन कंपन्या झाल्या, पण लाइट गेली की आपण अजूनही "जीईबीत फोन लाव" असंच म्हणतो.

आणि तरी पाहुणे आले की त्यांना लक्ष्मीविलास, कीर्तिमंदिर, सूरसागर. आपल्याच गावात बनणारी जी वस्तू गल्लीच्या तोंडाशी उभी असते, तिच्याकडे पाहुणेही बघत नाहीत आणि आपणही नाही. म्हणून हा धागा काढतोय. खांब, तारा, डीपी (गल्लीतला ट्रान्सफॉर्मर), टॉवर, मीटर, जुनी बटणं, रस्त्यावरचे दिवे, यांतलं काही तुम्हाला कधी सुंदर वाटलं असेल तर लिहा. का सुंदर वाटलं ते सांगता आलं तर उत्तम. अट एकच, बिलाच्या तक्रारी इथे नकोत, त्यासाठी अख्खं आयुष्य पडलंय.

सुरुवात मी करतो. आमच्या गल्लीच्या डीपीला बाजूला काचेची एक लहानशी कुपी आहे, आत निळे दाणे. ट्रान्सफॉर्मर तापला की आतलं तेल फुगतं, निवला की आक्रसतं. तेवढी हवा तो बाहेर टाकतो आणि परत आत ओढतो. आत जाणाऱ्या हवेतली ओल तेलात मिसळू नये म्हणून ती या दाण्यांमधून जाते. दाणे कोरडे असले की निळे, ओल शोषली की गुलाबी. मे महिन्यात आमची कुपी गडद निळी असते आणि श्रावण येईतो खालून गुलाबी चढायला लागते. भाजी आणायला जाताना एक नजर तिकडे टाकल्याशिवाय मला पुढे जाववत नाही. बायको म्हणते, एवढं लक्ष घरातल्या फिल्टरकडे दिलं असतंत तर.

दांडियाबाजार:

आमचं जुनं घर आता पाडलं. त्यात लाकडी पट्ट्यांवरचं वायरिंग होतं. सागाची पट्टी, तिच्यावर दोन-दोन वायरी शेजारी शेजारी, आणि ठरावीक अंतरावर पत्र्याच्या क्लिपा. ज्या कारागिराने ते केलं त्याने कोपऱ्यांत वायर इतकी एकसारखी वळवली होती की रंगाऱ्यालासुद्धा तिथे ब्रश फिरवायला जीव होत नसे. काळी गोल बटणं, पितळी दांडीची. दाबलं की सगळ्या माजघरात ऐकू येईल असा खटका.

पण माझी खरी आवड मीटरची. जुन्या मीटरमधली ॲल्युमिनियमची चकती आठवते का कोणाला? कडेला काळी खूण असायची. आजी गावाला जायला निघाली की गॅस, नळ, कुलूप हे सगळं झाल्यावर मीटरसमोर येऊन उभी राहायची. चकती थांबलेली दिसली तरच रिक्षा बोलवायची. हलत असेल तर आम्हाला घरभर पिटाळायची, "कुठेतरी काहीतरी चालू राहिलंय."

आमच्या मीटरवर 600 फेरे म्हणजे एक युनिट असं कोरलेलं होतं. 1000 वॅटची इस्त्री एकटी लावली तर मिनिटाला बरोबर दहा फेरे. दादाने मला गुणाकार-भागाकार त्या चकतीवरच शिकवला. घड्याळ घेऊन फेरे मोजायचे आणि कुठलं यंत्र किती खातं ते काढायचं. फ्रिज सुरू झाला की चकतीचा वेग एकदम बदलायचा, तेव्हा आम्ही ओरडायचो. आता भिंतीवर एक आकडे दाखवणारा डबा आहे, त्यात एक लाल ठिपका लुकलुकतो. तोही मोजता येतो म्हणा, पण आजीला तो पटला नसता.

सूरसागरसमोर:

मी संगीत कॉलेजची, म्हणजे 1886 साली सयाजीराव महाराजांनी मौलाबक्षांच्या हाताखाली गायनशाळा सुरू केली, ती. घरी रियाजाची खोली मागच्या बाजूला आहे आणि खिडकीच्या खालीच डीपी. माझा तानपुरा काळी चारचा, म्हणजे पेटीवरच्या चौथ्या काळ्या पट्टीच्या सुराचा. संध्याकाळी बसले की खर्ज, म्हणजे खालचा सा, लागायचाच नाही. लागला असं वाटायचं आणि खालून काहीतरी त्याला ओढत राहायचं. तारा बदलल्या, जवारी काढून घेतली, गुरुजींनी तानपुरा स्वतः लावून बघितला. त्यांच्या घरी तो ठणठणीत, आमच्याकडे आला की बिघडलेला.

भाऊ इलेक्ट्रिकलचा, कलाभवनला शिकलेला. सुट्टीत आला तेव्हा पाच मिनिटं खिडकीत उभा राहिला आणि म्हणाला, "ताई, तुझ्या खर्जाशी डीपी भांडतोय." त्याने समजावलं ते असं: वीज 50 हर्ट्झची, म्हणजे सेकंदाला 50 वेळा पुढे-मागे. ट्रान्सफॉर्मरच्या आतलं पोलाद चुंबकत्व चढलं की अगदी किंचित लांबतं. चुंबकत्व या दिशेचं असो की त्या दिशेचं, लांबतं ते सारखंच. म्हणून एका फेऱ्यात दोनदा, म्हणजे सेकंदाला 100 वेळा ते थरथरतं, आणि तोच आपल्याला ऐकू येणारा घूं.

आता हिशोब बघा. पांढरी पाच खालच्या सप्तकात 98 हर्ट्झ. काळी चार जवळजवळ 104. आमचा डीपी 100 वर, म्हणजे पांढरी पाचच्या जरासा वर. माझा खर्ज आणि त्याचा षड्ज यांत जेमतेम चारचं अंतर, त्यामुळे सेकंदाला चार वेळा तो डुगडुग हेलकावा यायचा. तानपुऱ्याचा दोष काडीचा नव्हता.

मग एका रविवारी मी उलटं केलं. तानपुरा उतरवला आणि डीपीलाच लावला. अंगावर काटा आला हो. त्या घूंमध्ये नुसता 100 नसतो, वर 200, 300, 400 असे थर असतात. 200 म्हणजे वरचा षड्ज, 300 म्हणजे त्याच्यावरचा पंचम, 400 पुन्हा षड्ज. म्हणजे तिथे षड्ज-पंचमाचा तानपुरा रात्रंदिवस चालूच आहे, कोणी छेडत नाही एवढंच. त्या संध्याकाळी यमन गायले. उन्हाळ्यात सगळ्यांचे एसी लागले की आवाजाचा पोत बदलतो, जास्त खरखरीत होतो, सूर मात्र हलत नाही.

मकरपुरा निवृत्त:

@सूरसागरसमोर, वा! त्यात एक भर घालतो. सूर हलत नाही कारण देशाची वारंवारिता 49.90 ते 50.05 च्या पट्ट्यात ठेवायचा नियमच आहे. आणि 31 डिसेंबर 2013 ला दक्षिणेचं जाळं उरलेल्या देशाला जोडलं गेलं, तेव्हापासून सगळा भारत एका लयीत आहे. तुमच्या खिडकीखालचा डीपी आणि तंजावरच्या एखाद्या गल्लीतला डीपी एकाच क्षणी एकाच सुरात असतात. पट्टी उतरली तर दोघांची एकदमच उतरते.

आता माझं. नोकरीची सगळी वर्षं हाय व्होल्टेज टेस्टिंगला काढली. कोणत्या कंपनीत ते सोडा. बडोद्यात असल्या चाचण्यांचा माहोल मोठा आहे, मकरपुऱ्यातली एर्डा ही संस्था 1974 पासून हेच काम करते. लोकांना वाटतं टेस्टिंग म्हणजे मीटर लावून आकडे लिहिणं. आम्ही वीज पाडायचो. म्हणजे आभाळातली वीज लाइनवर पडली तर ट्रान्सफॉर्मर टिकेल का, ते त्याला गिऱ्हाइकाकडे पाठवण्याआधी बघायचं. त्यासाठी कपॅसिटरांची एक उंच चळत असते. सगळे शेजारी शेजारी जोडून भरायचे आणि धातूच्या गोळ्यांमधल्या फटींतून ठिणगी उडवून एकदम एकापाठी एक जोडायचे, की सगळ्यांचं व्होल्टेज बेरीज होऊन बाहेर पडतं. एर्विन मार्क्स नावाच्या जर्मन इंजिनिअरने 1920 च्या दशकात ही युक्ती काढली. 66 केव्हीच्या (एक केव्ही म्हणजे हजार व्होल्ट) ट्रान्सफॉर्मरला 325 केव्हीचा तडाखा द्यायचा. 1.2 मायक्रोसेकंदात शिखर, 50 मायक्रोसेकंदात निम्मं. नवीन पोरं पहिल्यांदा तो आवाज ऐकून खाली बसायची.

पण सुंदर काय म्हणाल तर ठिणगी नव्हे. सुंदर तो आलेख. आधी कमी ताकदीचा झटका देऊन त्याची रेघ घ्यायची, मग पूर्ण ताकदीचा देऊन त्याची. माप सारखं करून दोन्ही रेघा एकमेकींवर ठेवायच्या. आत कुठे एखाद्या वेटोळ्याचं इन्सुलेशन गेलं असेल तर दुसरी रेघ तिथे जराशी थरथरते. सगळं धड असेल तर दोन रेघांची एकच होते. पूर्वी ऑसिलोस्कोपच्या पडद्याचा पोलरॉइड फोटो काढून, उजेडासमोर धरून बघायचो. पाच-सहा माणसं श्वास धरून त्या एवढ्याशा फोटोवर वाकलेली, आणि गिऱ्हाइकाचा इन्स्पेक्टर चष्मा पुसत उभा. रेघ जुळली की कोणी काही बोलत नसे, चहा यायचा.

वैतागलेला:

माफ करा, पण हे सगळं फार गोड चाललंय. मांडवीहून घडियाळी पोळेत, म्हणजे त्या जुन्या गल्लीत, शिरा आणि वर बघा. आभाळ दिसतंय का? वायरींची जंजाळं, गुंडाळून टांगलेली भेंडोळी, मध्येच एखादी तुटून गळ्याशी लोंबणारी. जुन्या घरांच्या कोरीव लाकडी तोड्यांना खिळे मारून ठेवलेत. याला सौंदर्य म्हणायचं?

लाइनमनची मुलगी:

@वैतागलेला, तुमचं भेंडोळ्यांबद्दलचं म्हणणं खरं आहे, पण आरोपी चुकीचा पकडलात. पुढच्या वेळी नीट बघा. गळ्याशी लोंबतात त्या बहुतेक टीव्ही-केबल आणि इंटरनेटच्या वायरी. विजेची म्हणाल तर पोळांमधून आता एकमेकींना पीळ दिलेल्या काळ्या, जाड, आवरण असलेल्या केबली असतात, नीट ताणून बांधलेल्या.

माझे बाबा लाइनमन होते. त्यांच्यामुळे मला दिसलेली सगळ्यात देखणी गोष्ट म्हणजे डीओ. डीपीच्या वर, खांबावर, तिरक्या बसवलेल्या तीन नळ्या असतात, त्या. आतली फ्यूजची तार वितळली की नळीची कडी सुटते आणि नळी आपोआप खाली लोंबते. एवढंच. पण त्यामुळे रात्री दोन वाजता, पावसात, खाली उभं राहून नुसती बॅटरी मारली तरी कळतं, कुठला फेज गेलाय. कागद नको, यंत्र नको. ज्याने हे डोकं लढवलं त्याने रात्रपाळीच्या माणसाचा विचार केला होता, असं बाबा म्हणायचे. लांब काठीने नळी परत वर चढवायची, खट्ट आवाज आला की बसली.

पण चढवण्याआधी कारण शोधायचं, आणि तारेला हात लावण्याआधी लाइन क्लिअर (लाइन बंद केल्याची खात्री) घ्यायचं, मग अर्थिंग टाकायचं, म्हणजे तार जमिनीला जोडायची. क्रम कधी चुकवायचा नाही. घाई करणाऱ्या हेल्परला ते शिवी देत नसत, नुसतं खाली बसवून ठेवत.

उत्तरायणला सगळं बडोदं गच्चीवर असायचं, आमचे बाबा ड्यूटीवर. 14 आणि 15 जानेवारीला आमच्या घरात उंधियू डब्यात भरला जायचा. पतंग तारेत अडकला की पोरं दोऱ्याला दगड बांधून लंगर टाकतात. तो दोन तारांवर एकदम पडला की फीडर, म्हणजे त्या भागाला वीज देणारी लाइन, जातो. मांज्यात धातूची भुकटी असली, किंवा दोरा दवाने ओला झाला असला, तर करंट थेट हातात. बाबांनी असल्या एका पोराला पाहिलं होतं. त्या वर्षानंतर आमच्या घरी फिरकी आली नाही.

तरी सांगते, उत्तरायण झाल्यावरच्या आठवड्यात तारांवर जे उरतं ते मला आवडतं. दोन खांबांमधल्या प्रत्येक गाळ्यात पाच-पंचवीस पतंग. लाल, हिरवे, चांदीचे. आधी कागद फाटतो, मग नुसती कामटी राहते, आणि पहिल्या पावसात तीही जाते. बाबा वैतागायचे, कारण ते काढायचं काम त्यांचंच.

वाडीकर:

हे वाचून जरा वेळ गप्प बसलो. तुमच्या बाबांना नमस्कार सांगा.

अप-डाऊनवाला:

मी भरूचला नोकरीला, रोज गाडीने. डब्यात पत्ते, डबे, राजकारण. मी प्लॅटफॉर्मच्या टोकाला उभा राहतो कारण तिथून वरची तार दिसते. 25 केव्हीची.

बारीक बघितलंत तर रूळ सरळ असला तरी तार सरळ नसते. एका खांबापाशी ती रुळाच्या मध्यापासून साधारण 20 सेंटिमीटर डावीकडे, पुढच्या खांबापाशी तेवढीच उजवीकडे. नागमोडी. इंजिनाच्या डोक्यावरची कार्बनची पट्टी तारेला घासत जाते, आणि तार सरळ असती तर पट्टीवर एकाच जागी खाच पडली असती. नागमोडीमुळे पट्टी सगळीकडून सारखी झिजते.

दुसरं, ठरावीक खांबांना लोखंडी चकत्यांची एक चळत लटकलेली असते, तिच्याकडे लक्ष ठेवा. ते वजन कप्पीवरून तारेला ताणून धरतं. उन्हात तार लांबली की वजन खाली उतरतं, थंडीत आखडली की वर चढतं. मे महिन्यातल्या दुपारी आणि जानेवारीच्या पहाटे त्याच खांबावरचं वजन वेगळ्या उंचीवर असतं. हवामान खात्यापेक्षा माझा त्या चळतीवर जास्त भरवसा आहे.

कारेलीबागची सून:

2024 च्या ऑगस्टमधला विश्वामित्रीचा पूर. आमच्या सोसायटीत पाणी शिरलं आणि लाइट बंद केली, ती करायलाच हवी होती. वर मगरींच्या बातम्या. सासूबाई, मी आणि दोन मुलं वरच्या मजल्यावर.

पाणी उतरल्यावर माणसं आली ती मला लक्षात राहिली आहेत. मला वाटलं होतं, येतील, खटका वर करतील, जातील. तसं नाही झालं. त्यांनी जमिनीवरच्या पेट्या उघडल्या, आतला गाळ धुतला, फडक्याने पुसलं, ब्लोअरने वाळवलं. मग हातात धरायचं एक यंत्र होतं, त्याला ते मेगर म्हणत होते, त्याने प्रत्येक केबल तपासली, की ओल राहून करंट कुठे गळत तर नाही ना. एक पेटी नापास झाली. परत वाळवली. आमच्या गल्लीतून आरडाओरडा चालू होता, "समोरची लाइट आली, आमची का नाही?" त्यातला एक वयस्कर माणूस शांतपणे म्हणाला, "बेन, तमारी भिंत हजी भीनी छे," म्हणजे अजून ओली आहे. मग त्याने घराघरातली मेन बंद आहे ना ते विचारायला मुलगा पाठवला, आणि मग सुरू केली. सासूबाईंनी सगळ्यांना पोहे दिले, चुलीवरचे नव्हे, गॅस होता.

उघडी पेटी मी पहिल्यांदाच पाहिली. लाल, पिवळी, निळी पट्टी ओळीने. आता रस्त्यात ती बंद पेटी दिसली की आत काय आहे ते मला माहीत असतं, हे मला बरं वाटतं.

फाइन आर्ट्स:

मी फाइन आर्ट्सला आहे. पहिल्या वर्षी सगळे कमाटीबागेत झाडं काढायला जातात. मी जांबुव्याच्या बाजूला टॉवर काढायला गेले, कारण झाड हलतं आणि टॉवर हलत नाही, एवढाच आळशी विचार होता.

काढायला बसल्यावर कळायला लागलं. तारेतली वीज टॉवरच्या लोखंडात उतरू न देणाऱ्या चकत्यांच्या माळा काही टॉवरांवर उभ्या लोंबतात, काहींवर आडव्या ताणलेल्या असतात. उभ्या असतील तर तार सरळ पुढे जातेय, टॉवर तिला नुसता धरून आहे. आडव्या असतील तर तिथे तार वळतेय किंवा संपतेय आणि टॉवरवर ओढ आहे. असे टॉवर जाडजूड आणि पाय फाकवून उभे. चकत्या मोजल्या तर व्होल्टेजचा अंदाज येतो. 66 केव्हीला पाच-सहा, 400 ला तेवीस-चोवीस. नाशिकला मामाकडे गेले तर गावाबाहेरच्या लाइनी वेगळ्याच दिसल्या, तीन-तीन चकत्यांच्या. तिकडे 33 केव्ही फार, आपल्याकडे 66. राज्याची हद्द ओलांडल्याचं मला पाटीआधी त्यावरून कळतं.

सगळ्यात वर एक बारीक तार असते, चकत्यांशिवाय थेट लोखंडाला बांधलेली. ती करंट नेत नाही, पडणारी वीज स्वतःवर घेते. माझ्या चित्रांत ती काढायला पेन्सिल सगळ्यात टोकदार लागते.

आणि दोन टॉवरांमधला झोळ. तो फ्रीहँड काढून बघा. सर म्हणाले, पानावर साखळी दोन बोटांत धरून लोंबकळू दे आणि ती गिरव. जमलं.

एक प्रश्न: टॉवरच्या जवळ तारेला डंबेलसारखं काहीतरी लटकलेलं असतं. काय आहे ते?

केवडियाकडे वरचेवर:

छोटीशीच भर. सरदार सरोवरच्या नदीपात्रातल्या वीजघरात सहा यंत्रं, प्रत्येकी 200 मेगावॅट, कालव्याच्या तोंडाशी आणखी 250. त्या विजेतला 57 टक्के वाटा मध्य प्रदेशाचा, 27 महाराष्ट्राचा, 16 गुजरातचा. म्हणजे इंदूरच्या आत्याकडे आपल्यापेक्षा जास्त नर्मदा पेटते. आणि आपल्याच शाखा कालव्यावर पाण्याच्या वर सोलरची पानं अंथरलीत ती बघितली नसतील तर बघा, 10 मेगावॅट, 2015 च्या जानेवारीत बान की-मून येऊन उद्घाटन करून गेले होते. खालून पाणी, वर काच, मध्ये सावली.

रात्रपाळी अलकापुरी:

जुने सोडियमचे दिवे कोणाला आठवतात? लावले की आधी फिकट गुलाबी, मग हळूहळू सोनेरी. रस्ताभर एकेक दिवा आपापल्या वेळेने पिकायचा. एलईडी चांगले, वीज वाचते, रंग खरे दिसतात, मान्य. पण त्या पाच मिनिटांत अलकापुरी जी दिसायची ती आता दिसत नाही.

मकरपुरा निवृत्त:

@फाइन आर्ट्स, त्याला स्टॉकब्रिज डँपर म्हणतात. जॉर्ज स्टॉकब्रिज या अमेरिकन इंजिनिअरचा, पेटंट 1928 चं. तारेची थरथर तो स्वतःकडे घेतो आणि जिरवतो. मात्र लोकांना वाटतं तो वादळासाठी आहे, तसं नाही. वादळात तार झोके घेते, ते वेगळं. तिला आतून थकवतो तो मंद, एकसारखा वारा. अशा वाऱ्यात तारेच्या मागे भोवरे आळीपाळीने वर-खाली सुटतात आणि ती बारीक थरथरत राहते, डोळ्यांना दिसणारही नाही इतकी, वर्षानुवर्षं. शेवटी टॉवरपाशी, जिथे ती घट्ट पकडलेली असते, तिथे तिचे पदर तुटायला लागतात. म्हणून डंबेलही तिथेच.

वाडीकर:

मग येत्या रविवारी सकाळी सातला जांबुव्याला जाऊया का? दुर्बीण माझ्याकडे आहे, फाफडा-जलेबी कोण आणतंय ते सांगा. कुंपणाच्या बाहेरूनच बघायचंय, आत कोणी पाय ठेवायचा नाही.

वैतागलेला:

मी येतो. जलेबी माझ्याकडे.